बेअरिंग

साखरी नाट्याच्या बर्फ फॅक्टरीत
सव्वीस वर्षं मी ऑपरेटर.
आवाजाचं विचाराल तर
मशीन बंद पडलं की मगच मला ऐकू येतं.

नारळी पौर्णिमा होऊन आठेक दिवस झाले असतील,
सोलकरांची निलोफर आली. खांद्याला दोन पेट्या,
गळ्यात चहाच्या बशीएवढे हेडफोन.
हिचा आजा आमच्याकडून लाद्या न्यायचा
आणि पैसे पार शिमग्याला द्यायचा.
म्हणाली, काका, तुमच्या टाकीचा आवाज हवाय.
म्हटलं, ने बाय. त्याला काय वजनकाटा लागतोय?

टाकीच्या पत्र्याला तिनं चिकटपट्टीनं लावलं
चिंचोक्याएवढं काहीतरी,
दुसरं एक फुग्यात घालून मिठाच्या पाण्यात सोडलं
आणि उपड्या डब्यावर बसून राहिली
रात्रभर, गरवायला बसावं तशी.
काय लागतंय का गळाला, मी विचारलं.
तिनं हेडफोन माझ्या कानांवर ठेवले.

पाणी गोठताना बोलतं.
खोल आत कुणीतरी
अडकित्त्यात सुपारी धरलेली,
कातरावी की नको, असं.

पुढचे अकरा दिवस किल्लीचा कॅमेरा घेऊन माझ्या मागे.
व्हॉल्व्हवरचा माझा हात घेतला,
डब्यातून सुटणारी लादी घेतली,
तोंड कुठेच नाही. बरं झालं, दाढी वाढलेली.
मग धुतलेल्या फिल्मचं वेटोळं
खाडीच्या पाण्यासकट एका डब्यात सोडून म्हणाली,
गोठवा.
लोकं पापलेट गोठवतात. असो.

शुक्रवारी लाँची किनाऱ्याला होत्या.
जाळ्यांच्या शेडीला पांढरी ताडपत्री ताणली,
प्रोजेक्टरच्या तोंडासमोर गाड्यावर एक अख्खी लादी,
तिच्यातून उजेड जाणार.
माझा हात ताडपत्रीवर आला तो तारवाएवढा,
कडांना मिठानं कुरतडलेला,
आणि लादी झिजेल तसा बोटाबोटानं सरकणारा.
एका पोरानं बर्फाला बोट लावलं,
तिकडे डोंगर उभा राहिला.
इसाक तांडेल म्हणाला, ह्याच्यात ष्टोरी कुठं हाय?
हसीनाबी म्हणाली, एवढ्या बर्फात
माझा चार टोपल्या बांगडा तरला असता.

आवाज तिनं चौपट संथ केलेला.
धप्प.
धप्प.
आणि दर सातव्या ठोक्याच्या पाठीला एक बारीक
टक्.
लोकांना वाटलं ताल आहे. पोरं माना डोलवू लागली.
मी उठलो. पाठीला घाम.
सव्वीस वर्षं ज्याच्या उशाशी बसलो
त्याची नाडी एक पोरगी
जेट्टीवर सगळ्यांना ऐकवत होती
आणि मला आत्ता कळत होतं.

धावत वर गेलो, खटका ओढला.
मशीन थांबलं तसं सगळं बंदर असं गप्प झालं
की खाली लोकांना वाटलं, हाही सिनेमाच.
टाळ्या पडल्या.

बेअरिंगच्या आतल्या कड्याला केसाएवढी चीर.
अजून दोन रात्री, मग अमोनिया, मग आम्ही.
मालक म्हणाला, बरा लागला शोध, पण बिल कुठल्या खात्यात?
निलोफर मात्र खट्टू.
काका, तो टक् परत नाही का काढता येणार?
मी म्हटलं, तुझ्या पेटीत आहे ना.
आणि जुनं बेअरिंग वर्तमानपत्रात गुंडाळून दिलं,
ग्रीस पुसलं नाही.
ते आता म्हणे कुठल्याशा शहरात
काळ्या दोरीनं टांगलंय, आणि लोक
त्याच्याखाली चपला काढून उभे राहतात.

इकडे नवं बेअरिंग मुकाट फिरतंय.
घरात मीच बिघडलोय.
बायकोच्या बांगड्या, फ्रीजचं कण्हणं,
भरतीला जेट्टीच्या टायरांवर घासणारी लाँच,
सगळं वेगवेगळं येतं.
रात्री दोनच्या पाळीला उपडा डबा ओढून बसतो,
पत्र्याला कान लावतो. गार लागतं.
मोजतो. चार, पाच, सहा